हत्तीजवळ अर्धा दिवस: आंघोळ घालायची की लांबून बघायचं?

वाचकाचं पत्र

दिवाळीच्या सुट्टीत आम्ही पाचजण थायलंडला निघालोय. मी, माझे पती, सासू-सासरे आणि नऊ वर्षांची मुलगी. चियांग मायला दोन रात्री आहेत आणि त्यातली एक सकाळ मुलीने हत्तींसाठी राखून ठेवली आहे. आम्ही जयसिंगपूरचे. नांदणीच्या मठातली माधुरी हत्तीण जामनगरला नेली तेव्हा ही पोर कितीतरी दिवस धड जेवली नव्हती, त्यामुळे हत्ती हा आमच्या घरात हळवा विषय आहे. टूरवाल्याने तीन 'सँक्च्युअरी'ची पत्रकं पाठवली आहेत. तिन्हींवर 'एथिकल' आणि 'नो रायडिंग' असं ठळक छापलंय. तिन्हींत केळी भरवणं, अंगाला चिखल फासणं आणि नदीत आंघोळ घालणं आहे. दर मात्र एकमेकांच्या दुप्पट-तिप्पट. मैत्रीण म्हणते, सगळी धूळफेक आहे, जाऊच नका. सासरे म्हणतात, आंघोळ घालण्यात कसली आलीय क्रूरता, आपल्याकडे माहूत घालतोच की. सासूबाईंचे गुडघे दुखतात, आम्ही कांदा-लसूण खात नाही, हेही आहेच. खरोखर चांगली जागा ओळखायची कशी?
– एक वाचक, जयसिंगपूर

सप्रेम नमस्कार,

सल्ला आधी देते, कारणं मागाहून. जरूर जा. मात्र टूरवाल्याची तिन्ही पत्रकं बाजूला ठेवा आणि जिथे पाहुण्यांना हत्तीला आंघोळ घालू देत नाहीत अशी जागा निवडा. मुलगी हिरमुसेल, ठाऊक आहे मला. तिच्याशी काय बोलायचं तेही लिहिते.

आंघोळीवर मी एवढी का अडून बसले आहे, ते तुमच्या सासऱ्यांना वाचून दाखवा. त्यांचा प्रश्न रास्त आहे. आपल्याकडे माहूत हत्तीला पाण्यात घेऊन जातो तेव्हा एक माणूस आणि एक हत्ती असतात, आणि दोघांची वर्षानुवर्षांची ओळख असते. चियांग मायच्या आसपासच्या गर्दीच्या कॅम्पांत तसं नसतं. तिथे सकाळची तुकडी येते, मग दुपारची, हंगामात मध्ये आणखी एखादी. प्रत्येक तुकडीच्या पत्रकात 'नदीत आंघोळ' छापलेलं असतं आणि प्रत्येकाने त्याचे पैसे भरलेले असतात. म्हणजे त्याच हत्तिणीने ठरलेल्या मिनिटाला पाण्यात उतरायचं, कुशीवर व्हायचं, अनोळखी माणसं बादल्या ओततील, पाठीवर ब्रश घासतील, फोटोसाठी कानाशी ओरडतील तोवर तसंच पडून राहायचं. मग बाहेर यायचं, आणि पुढची गाडी आली की पुन्हा पाण्यात.

हत्तीला पाणी आवडतं यात शंकाच नाही. पण पाण्यात कधी जायचं आणि कधी निघायचं, हे त्याला कुणी शिकवावं लागत नाही. मोकळा हत्ती नदीतून वर आला की पहिलं काम काय करतो ते बघण्यासारखं असतं. कोरड्या मातीची जागा शोधतो, पायाच्या नखांनी ती खरवडून सैल करतो, सोंडेत घेतो आणि फुर्रकन पाठीवर उडवतो. मग कानामागे, मग पोटाखाली. ओल्या कातडीवर तो थर बसला की ऊन भाजत नाही आणि माश्या चावत नाहीत. आपण दिवसातून दोन-तीनदा घासूनपुसून 'स्वच्छ' केलेल्या हत्तीचं हेच पांघरूण काढून घेत असतो.

आणि जरा विचार करा, दोन-तीन टनांचं जनावर परक्या गर्दीत हुकमासरशी आडवं का होतं? लहानपणी त्याला ते भाग पाडलेलं असतं म्हणून. पिल्लाला आईपासून तोडून, लाकडाच्या अरुंद चौकटीत जखडून, उपाशी ठेवून, टोचून त्याची इच्छा मोडायची, अशी एक जुनी रीत त्या भागात आहे. तिला 'फाजान' म्हणतात. सगळे हत्ती तसेच शिकवले जातात असं मी म्हणणार नाही. खाऊ देऊन, धीराने शिकवणारे माहूतही आज आहेत. पण पर्यटकांच्या गर्दीत निमूट उभी राहणारी वयस्क हत्तीण बहुधा त्या चौकटीतून गेलेली असते.

सवारीवरून जगभर बरीच ओरड झाली. २०१६ मध्ये ट्रिपॲडव्हायझरने हत्तीच्या सवारीची तिकिटं विकणं थांबवलं. मग कित्येक कॅम्पांनी हौदे उतरवून ठेवले, पाटी रंगवून घेतली आणि सवारीच्या जागी आंघोळ आणली. हत्ती तेच, मालक तेच, वेळापत्रकही तेच. म्हणून 'नो रायडिंग' या दोन शब्दांवर आता काहीच ठरवता येत नाही. हत्तीचे दाखवायचे दात वेगळे, खायचे वेगळे, हे इथे अक्षरशः लागू पडतं.

यात धोका माणसालाही आहे. जानेवारी २०२५ मध्ये दक्षिण थायलंडातल्या कोह याओ याई बेटावर एका एलिफंट केअर सेंटरमध्ये हत्तीला आंघोळ घालताना त्याच्या हल्ल्यात एका तरुण स्पॅनिश विद्यार्थिनीचा जीव गेला. तिने काही आगळीक केली होती असं नाही. पत्रकात लिहिलेलंच ती करत होती. तुमच्या नऊ वर्षांच्या मुलीला त्या जागी उभं करू नका, एवढंच आई म्हणून तुम्हाला सांगते.

आता मैत्रिणीच्या 'जाऊच नका'बद्दल. तिची चीड मला कळते. वर्ल्ड ॲनिमल प्रोटेक्शन या संस्थेने २०१७ मध्ये आशियातल्या सहा देशांतल्या जवळजवळ ३,००० पर्यटन-हत्तींची पाहणी प्रसिद्ध केली. त्यात दर चारातले तीन हत्ती फार वाईट अवस्थेत असल्याचं दिसलं, आणि त्यातले सर्वाधिक थायलंडात होते. तरीही पाठ फिरवून प्रश्न सुटत नाही, कारण हे हत्ती जाणार कुठे?

याला थोडा इतिहास आहे. उत्तर थायलंडातले हत्ती पिढ्यान्‌पिढ्या सागाचे ओंडके ओढायचे. जंगलं उजाड झाली. १९८८ च्या नोव्हेंबरात दक्षिणेत भयंकर पूर आला, डोंगर खचले, तोडलेले ओंडके गावांवरून वाहत गेले आणि शेकडो माणसं मेली. त्यानंतर जानेवारी १९८९ मध्ये सरकारने नैसर्गिक जंगलातल्या लाकूडतोडीवर बंदी घातली. बंदी योग्यच होती, पण एका फटक्यात हत्ती आणि माहूत दोघेही बेकार झाले. कुणी बँकॉकच्या रस्त्यावर हत्ती घेऊन केळी विकत भीक मागायला लागला, कुणी पर्यटकांच्या कॅम्पात गेला. आज तिथे तीन हजारांहून जास्त हत्ती माणसाच्या मालकीचे आहेत. कायद्याने पाहिलं तर जंगली हत्ती संरक्षित, पण पाळीव हत्ती १९३९ च्या कायद्याखाली ओझ्याचं जनावर, बैल-म्हशीच्या रांगेतला. तो विकता येतो, भाड्याने देता येतो. बऱ्याच कॅम्पांतले हत्ती असेच भाड्याचे असतात. मालक सुरिनसारख्या लांबच्या प्रांतात बसलेला, आणि हत्ती चियांग मायला त्याचं महिन्याचं भाडं फेडतोय.

त्यांना जंगलात सोडून द्यावं, असं सहज वाटतं. पण एवढ्या हत्तींना पुरेल इतकं जंगल उरलेलं नाही, आणि आहे त्याच्या कडेला शेतं आहेत. हत्ती पिकात शिरले की काय होतं ते आपल्या दोडामार्गच्या शेतकऱ्यांना विचारा. त्यामुळे आज जिवंत असलेले पाळीव हत्ती कुणीतरी पोसायलाच हवेत. मोठा हत्ती दिवसाला दीडशे किलोच्या आसपास चारा खातो आणि त्यातला निम्म्याहून जास्त नीट न पचताच बाहेर पडतो. दिवसाचे पंधरा-सोळा तास तो खाण्यातच असतो. २०२० मध्ये कोविडने पर्यटक थांबले तेव्हा कॅम्प ओस पडले आणि चियांग मायकडचे शंभरावर हत्ती माहुतांबरोबर पायी डोंगर तुडवत मे चेमकडच्या, करेन या डोंगरी जमातीच्या आपापल्या गावांना परतले. गावात निदान गवत तरी होतं. तुमचे पैसे हत्तीला लागतातच. प्रश्न इतकाच, की ते कुठल्या मालकाला शहाणं करतात.

जागा निवडताना मी एकाच प्रश्नावर जास्तीत जास्त भर देते, आणि तो तुम्ही कॅम्पला थेट लिहून विचारा, टूरवाल्याच्या मध्यस्थीने नको. 'आम्ही येऊ त्या सकाळी हत्ती आमच्या जवळ आलेच नाहीत, तर काय?' 'काळजी करू नका, जवळ आणायची आमची गॅरंटी' असं उत्तर आलं तर ती जागा सोडा. 'मग तुम्हाला ते लांबून दिसतील, पैसे परत मिळणार नाहीत' असं उत्तर आलं तर ती जागा बहुधा चांगली आहे. हत्तीला नाही म्हणायची मुभा आहे का, हे या एका उत्तरात कळतं. बाकीचे प्रश्न त्यामागून आपोआप येतात. हत्ती किती आणि एका वेळी माणसं किती? दिवसातून किती तुकड्या? रात्री हत्ती कुठे असतात, साखळीला की कुंपणाच्या आवारात, आणि साखळी असली तर किती लांब? आखूड साखळीने सिमेंटवर रात्रभर उभा हत्ती ही वेगळी गोष्ट, आणि शेजारच्या मक्यात शिरू नये म्हणून गवताळ रानात लांब साखळीला ठेवलेला हत्ती ही वेगळी. साखळी दिसली रे दिसली की क्रूर, असा शिक्का मारायची घाई मी करत नाही. जे लोक खरोखर सांभाळतात ते या प्रश्नांना चिडत नाहीत, सविस्तर लिहितात.

एक प्रश्न मात्र हमखास विचारा: पिल्लं आहेत का, आणि कुठून आली? पर्यटकांना पिल्लू सगळ्यात जास्त आवडतं, म्हणून पिल्लं जन्माला घातली जातात. हत्तिणीचं गाभणपण जवळजवळ बावीस महिन्यांचं. एवढं सोसून झालेलं पिल्लू तीन-चार वर्षांचं होतंय तोच कामाला जुंपायला शिकवायचं आणि पुढचा हत्ती तयार करायचा, असं ते चक्र आहे. निवारा म्हणवणाऱ्या जागेने नवे कैदी जन्माला घालू नयेत, हे माझं ठाम मत आहे. क्वचित सुटका करून आणलेली हत्तीण आधीच गाभण असते. तसं असेल तर ते तिची सगळी हकिगत सांगतील.

नावंच हवी असतील तर दोन सांगते. चियांग मायच्या उत्तरेला साधारण साठ किलोमीटरवर, मे तेंगच्या खोऱ्यात एलिफंट नेचर पार्क आहे. सांगदुएन चायलर्ट या डोंगराळ खेड्यातून आलेल्या बाईंनी तो उभा केला. सगळे त्यांना लेक म्हणतात. तिथे शंभराहून अधिक हत्ती आहेत. सुरुंगावर पाय पडून लंगडे झालेले, आंधळे, ओंडके ओढून कंबर मोडलेले. सवारी नाही, आणि पाहुण्यांकडून आंघोळही आता नाही. ऑक्टोबर २०२४ च्या पुरात हे सगळं खोरं पाण्याखाली गेलं आणि तिथले दोन हत्ती दगावले. तुमची तारीख पावसाळ्याच्या शेवटाशीच आहे, तेव्हा निघण्याआधी रस्ता आणि पाणी यांची चौकशी करा. दुसरी जागा शहराच्या नैर्ऋत्येला मे वांगच्या डोंगरात, चांगचिल नावाची. ती पूर्वी साधा कॅम्प होती, पाहुणे हत्तींना भरवायचे, न्हाऊ घालायचे. वर्ल्ड ॲनिमल प्रोटेक्शनच्या मदतीने २०१९ मध्ये तिने हे सगळं थांबवलं आणि फक्त बघण्याची जागा म्हणून पुन्हा सुरुवात केली. मला ही दुसरी गोष्ट जास्त मोलाची वाटते, कारण चालू धंदा असा बदलणं सोपं नसतं, आणि गिऱ्हाईक आलं तरच शेजारचा कॅम्पवाला तसं करायला धजेल. दोन्हीकडचे कार्यक्रम आणि वेळा बदलत राहतात, तेव्हा आधी पत्र पाठवून अर्ध्या दिवसाचं काय आहे ते पक्कं करून घ्या. मोजकीच माणसं घेतात, दिवाळीच्या सुट्टीत जागा लवकर भरतात.

दरांचं म्हणाल तर महाग म्हणजे चांगलं असं मुळीच नाही. तीन पत्रकांतलं सगळ्यात महागडं बहुधा फोटोग्राफर आणि बांबूचा तराफा धरून असेल. फार स्वस्त असेल तर मात्र संशय घ्या. दीडशे किलो चारा, माहुताचा पगार, डॉक्टर आणि जमिनीचं भाडं हे सगळं जेमतेम जेवणाच्या खर्चात बसत नाही.

तिथे पोचल्यावर काय बघायचं? सगळ्यात आधी माहुताचे हात. हल्ली अंकुश लोकांना खुपतो म्हणून काही ठिकाणी तो दिसू देत नाहीत. एका कॅम्पात मी बघितलेला माहूत रिकाम्या हाताने हत्तिणीच्या कानाशी प्रेमाने हात ठेवून चालत होता, असं लांबून वाटत होतं. जवळ गेल्यावर दिसलं, दोन बोटांच्या बेचक्यात खिळा होता आणि ती प्रत्येक वळणाला कान मागे घेत होती. अशा हत्तींच्या कानामागे आणि कपाळावर बारीक व्रण असतात. कानाच्या कडा फाटलेल्या असतात. कान आणि सोंडेवरचे गुलाबी ठिपके मात्र रोग नव्हे, वयाबरोबर रंग तसा उतरतो. डोळ्यांतून पाणी ओघळताना दिसलं तर मुलीला सांगा की तो रडतोय असंच नाही. हत्तीच्या डोळ्यातलं पाणी आपल्यासारखं आतून नाकात उतरत नाही, ते गालावरच वाहतं. नराच्या डोळा आणि कानाच्या मध्ये काळपट ओघळ असेल तर तो मद. त्या दिवसांत त्याच्या वाऱ्यालाही कुणाला उभं करत नाहीत, आणि करत असतील तर तुम्ही उभं राहू नका.

खरी काळजी करायची ती एका जागी झुलणाऱ्या हत्तीची. पुढचा एक पाय उचलायचा, टेकवायचा, डोकं डावीकडे, उजवीकडे, पुन्हा पाय, तासन्‌तास. गाइड म्हणेल, बघा, नाचतोय, खूश आहे. तो नाचत नसतो. वर्षानुवर्षं बांधून ठेवल्याने लागलेली ती खोड आहे. सुटका झालेल्या हत्तींतही ती कधीकधी जन्मभर राहते, त्यामुळे एकच हत्ती झुलताना दिसला तर त्या जागेला लगेच दोष देऊ नका, विचारा की तो कधी आणि कुठून आला. सगळेच झुलत असतील तर समजून घ्या.

आणि केळी भरवायची का? हा प्रश्न पत्रात नाही, पण येणारच. अंतर राखून, कठड्यापलीकडून, हत्ती आपण होऊन आला तर थोडंसं भरवणं मला चालतं, जरी काही संस्था तेही बंद करत आहेत. पण आजोबांनी नातवाला दिवसभर पेढेच भरवावेत तशी केळी आणि ऊस टोपल्यांनी भरवले जातात, त्याने हत्ती लठ्ठ होतात आणि त्यांचं पोट बिघडतं. त्यांचं खरं खाणं म्हणजे गवत, बांबू, झाडपाला, सालं. भरवायचंच असेल तर केळीचा खुंट मागा. तो खाताना बघणं फळ भरवण्यापेक्षा कितीतरी मजेचं असतं. पाय देऊन खुंट दाबून धरतात, सोंडेने एकेक सोपट ओढून काढतात, पायावर आपटून माती झटकतात आणि मग तोंडात.

माहुताशी बोला, हे मला आवर्जून सांगायचंय. कॅम्पच्या चांगुलपणाची चर्चा करताना आपण त्याला विसरतो. तो बहुधा करेन असतो, पगार थोडा, कुटुंब डोंगरावरच्या गावात, आणि हत्ती बिथरला तर पहिला जीव त्याचा. तोच माहूत त्याच हत्तीबरोबर किती वर्षं आहे, हे विचारा. माहूत दर काही महिन्यांनी बदलत असतील तर हत्ती नव्या माणसाच्या धाकानेच चालतो, दुसरं काही घडायला वेळच मिळत नाही. निघताना बक्षिसी त्याच्या हातात द्या, गाइडच्या नको.

माधुरीबद्दल तुम्ही लिहिलंत, त्यावर न बोलता पुढे जाणं मला जमणार नाही. जुलै २०२५ मध्ये उच्च न्यायालयाने आणि मग सर्वोच्च न्यायालयाने तिला जामनगरला हलवायला सांगितलं आणि अख्खा कोल्हापूर जिल्हा रस्त्यावर उतरला. ते प्रेम खोटं होतं असं म्हणणाऱ्यांशी मी सहमत नाही. तीस वर्षं डोळ्यांसमोर वावरलेल्या जिवासाठी माणूस रडणारच. पण न्यायालयाने जे पाहिलं तेही खोटं नव्हतं: दुखरे पाय, वाढलेली नखं, कडक जमीन, आणि मुख्य म्हणजे दुसरी हत्तीण सोबतीला नसणं. मादी हत्ती जन्मभर आई, मावश्या, बहिणी यांच्या कळपात राहतात. माणसांची कितीही माया मिळाली तरी ती उणीव भरत नाही. तिला नांदणीजवळच चांगलं केंद्र बांधून परत आणता येईल का, यावर नंतर बोलणी झाली, आणि मला त्या दिशेने विचार करणाऱ्यांबद्दल आदर वाटतो. सासऱ्यांना हे तिथे, मे तेंगच्या किंवा मे वांगच्या रानात, प्रत्यक्ष बघू द्या. दोन म्हाताऱ्या हत्तिणी एकमेकींच्या तोंडात सोंड घालून विचारपूस करतात, एक लांब गेली की दुसरी पोटातून खर्जात घुमते आणि पहिली थबकते. माझ्या समजावण्यापेक्षा ते त्यांना लवकर पटेल.

मुलीला मात्र निघण्याआधीच सांगा, तिथे जाऊन नको. तिने माधुरीसाठी अन्न टाकलं होतं म्हणता, मग ही पोर 'तुला नको असताना कुणी अंगावर पाणी ओतलं तर?' हा प्रश्न नक्की समजेल. तिला काम द्या. एक वही, त्यात कानांचे आकार काढायचे. प्रत्येक हत्तीच्या कानाच्या कडा, छिद्रं, घड्या वेगळ्या असतात. जंगलातले अभ्यासक त्यावरूनच हत्ती ओळखतात. एक छोटी दुर्बीण नेलीत तर लांबूनही तिला शिरा दिसतील. आणि हात लावायला न मिळाल्याचं वाईट वाटलंच तर वाटू द्या, त्यावर खेळणं घेऊन देऊ नका, विशेषतः हस्तिदंताचं म्हणून विकलं जाणारं काही तर मुळीच नको. ते भारतात आणणं गुन्हा आहे.

बँकॉकला एखादा जादा दिवस काढता आला तर अजून एक पर्याय मनात ठेवा: प्राचुआप खिरी खानमधलं कुई बुरी राष्ट्रीय उद्यान. तिथे दुपारी गावातल्या वाटाड्याबरोबर उघड्या गाडीतून फिरवतात आणि कुरणावर उतरलेले जंगली हत्ती दिसतात, नशीब असेल तर गवेही. चियांग मायपासून ते फार लांब आहे, म्हणून तुमच्या या फेरीत बसेलसं वाटत नाही. पण पुढच्या उन्हाळ्यात कर्नाटकातल्या काबिनीच्या जलाशयाला जा, जयसिंगपूरहून गाडीने एका दिवसात होतं. पाणी आटलं की काठावर कळपच्या कळप येतात.

आता उरलेली व्यवहाराची बोलणी. 'अर्धा दिवस' म्हणजे हॉटेल ते हॉटेल पाच-सहा तास धरा. जाऊन-येऊन दोन-तीन तास वळणांच्या रस्त्यात जातात. गाडी लागणाऱ्यांना आधीच गोळी द्या. सकाळचीच वेळ घ्या, दुपारी हत्ती सावलीत सुस्त असतात. सासूबाईंच्या गुडघ्यांबद्दल पहिल्याच पत्रात लिहा. काही जागा डोंगरउतारावर चालवतात, काहींना सपाट आवार आणि बसून बघायचा मचाण आहे, त्यांच्यासाठी सपाट आवाराचीच बरी. घरात कुणाला खोकला-ताप असेल तर त्या माणसाला हॉटेलवर ठेवा. क्षयरोग माणसाकडून हत्तीला आणि हत्तीकडून माणसाला लागू शकतो, आणि चांगली जागा तुम्हाला हे स्वतःहून विचारेल. अत्तर, फवारे नकोत, कपडे मळके-हिरवे असावेत, फ्लॅश बंद.

जेवणाची काळजी करू नका. एलिफंट नेचर पार्कात दुपारचं जेवण शाकाहारीच असतं. कांदा-लसूण चालत नसेल तर 'जे' एवढा एकच शब्द लक्षात ठेवा. थाई लोकांत व्रताचं जे अन्न असतं त्याला 'जे' म्हणतात आणि त्यात मांस, अंडी, माशाचा सॉस, कांदा, लसूण काहीच नसतं. बाजारात पिवळ्या झेंड्यावर लाल अक्षरांत ते लिहिलेलं दिसतं. बुकिंग करतानाच पाच ताटं 'जे' सांगा.

टूरवाल्याला सांगा की चियांग मायची ती सकाळ पॅकेजमधून वजा करा. तो म्हणेल, सगळं एकत्रच येतं, पैसे कमी होणार नाहीत. थोडा आग्रह धरा, बहुतेक वेळा कमी होतात. झाले नाहीत तरी ती सकाळ सोडून द्या आणि आपली जागा स्वतः ठरवा.

तुमची,
ताई